बर्फाचं कारण गॅस नव्हतंच, ब्लोअर होता : एसी सर्व्हिसिंगचा रिव्ह्यू

ज्यांच्या एसीच्या कॉइलवर (आतल्या युनिटमधली थंड होणाऱ्या नळ्यांची जाळी) बर्फ जमतोय आणि बघायला येणारा प्रत्येक जण गॅस कमी झालाय असंच सांगतोय, त्यांनी हे जरूर वाचा. आमचा स्प्लिट एसी, इन्व्हर्टर, दीड टन, आत आर-३२ गॅस. आधीच्या सीझनला दुसऱ्या एका सर्व्हिसवाल्याकडून गॅस टॉप-अप करून झाला होता, थोडे दिवस चांगलं चाललं आणि मग परत तेच, रात्री कूलिंग सुरू असताना हवा हळूहळू कमी होत जायची, आतून कट-कट आवाज, सकाळी पॅनल उघडला की कॉइल पांढरीशुभ्र आणि खाली भिंतीवर पाण्याचे ओघळ. यावेळी वेगळ्या लोकांना बोलावलं आणि एकच काम सांगितलं, बर्फ का जमतोय ते शोधा, गॅसचं नंतर बघू. कामाला माझ्याकडून पाचपैकी साडेचार, अर्धा का कापला ते पुढे येईलच.

सगळ्यात आधी आवडलं ते फोनवरचं बोलणं. व्हिजिट ठरवायच्या आधीच त्यांनी फोटो मागितले, एक इनडोअरचा पॅनल उघडून कॉइलचा आणि एक आउटडोअरला जिथे दोन तांब्याचे पाईप जोडलेत तिथला. मी विचारलं फोटो कशाला, तर म्हणाले बर्फ कुठे जमलाय त्यावरूनच निम्मं कळतं. घरातल्या बहुतेक स्प्लिट एसीत कॅपिलरी किंवा एक्स्पान्शन व्हॉल्व्ह (गॅसचं प्रेशर एकदम उतरवून त्याला थंड करणारा भाग) आउटडोअरमध्येच असतो, म्हणजे बारीक पाईपातून आत येणारा गॅस आधीच थंड झालेला असतो. गॅस कमी असेल तर त्या बारीक पाईपवर आणि कॉइलच्या सुरुवातीच्या भागावरच बर्फ दिसतो, बाकीची कॉइल कोरडी आणि कोमट. पण कॉइल सगळीकडे सारखी गोठली असेल आणि बर्फ जाड पाईपवरून मागे आउटडोअरपर्यंत गेला असेल तर संशय आधी हवेवर घ्यायचा, कारण आतला गॅस उकळायला लागणारी उष्णता खोलीतल्या हवेकडून मिळतच नाहीये. आमच्याकडे कॉइल पूर्ण गोठलेली आणि जाड पाईप पांढरा. (नुसतं पाणी सुटलेला जाड पाईप नॉर्मल असतो बरं का, त्याला घाबरायचं काही कारण नाही, बर्फ दिसला तरच बघायचं.)

फोटो मिळाल्यावर त्यांनी सांगितलं की आता कूलिंग बंद करा आणि नुसत्या फॅन मोडवर फुल स्पीडला ठेवा, आम्ही येईपर्यंत बर्फ वितळायला हवा, खाली टॉवेल टाका. हे फार कामाचं आहे आणि कुणीही घरी करू शकतं, बर्फ किती आहे त्यावर एक-दोन तास किंवा जास्तही लागतात. चाकू, स्क्रू ड्रायव्हर वगैरेनी बर्फ खरवडायचा नाही, ॲल्युमिनियमच्या फिन्स (कॉइलवरच्या पातळ पट्ट्या) कागदासारख्या वाकतात आणि मागची नळी फुटली तर मग खरंच गॅस जातो. गरम पाणी ओतायचं तर अजिबात नाही, बाजूलाच पीसीबी (इलेक्ट्रॉनिक बोर्ड) असतो. आणि बर्फ दिसत असताना अजून थोडं थंड होऊ दे म्हणून तापमान खाली आणत राहू नका, बर्फ हवेची वाट अडवतो, हवा कमी झाली की कॉइल अजून गार होते, मग अजून बर्फ, हे चक्र थांबतच नाही. शिवाय न उकळलेला द्रव गॅस जाड पाईपनी कॉम्प्रेसरकडे परत जातो आणि कॉम्प्रेसर बनवलेला असतो वायू दाबायला, द्रव नाही. असं बरेच दिवस चाललं तर एसीतला सगळ्यात महाग भाग जातो.

आता मुख्य भाग. फिल्टर मी स्वतः नियमित धुतो त्यामुळे हवा कमी असेल हे मला पटतच नव्हतं, आणि फिल्टर खरंच स्वच्छ होते. टेक्निशियननी काही न बोलता टॉर्च घेतला, खालची हवेची झडप हातानी फिरवून आत ब्लोअरवर प्रकाश टाकला आणि मला बघायला सांगितलं. ब्लोअर म्हणजे तो लांब सिलिंडरसारखा पंखा, त्याच्या बारीक बारीक पात्या असतात आणि प्रत्येक पातीचा आतला खळगा ओलसर धूळ आणि बुरशीनी भरून सपाट झाला होता. पंखा फिरत होता, आवाजही नेहमीसारखा, पण पातीला खळगाच उरला नाही तर ती हवा उचलणार कशी? फिल्टरच्या जाळीतून बारीक धूळ जातेच आणि ओल्या कॉइलमागच्या ब्लोअरवर ती चिकटते, हे फिल्टर धुवून कधीच निघत नाही. नेहमीच्या सर्व्हिसिंगमध्ये पुढून कॉइलवर पाणी मारतात आणि निघून जातात, ब्लोअर बाहेर काढत नाहीत. ह्यांनी काढला. कॉइलची मागची बाजू, ड्रेन ट्रे, ब्लोअर सगळं वेगवेगळं धुतलं, जेट पंपाचं प्रेशर फिन्स वाकणार नाहीत इतपतच ठेवलं. ब्लोअरमधून जे काळं पाणी निघालं ते बघून ती हवा इतके दिवस आपण श्वासात घेत होतो ह्याचंच वाईट वाटलं.

धुण्याआधी आणि नंतर दोन्ही वेळा त्यांनी गेज (गॅसचं प्रेशर मोजायचं मीटर) लावला आणि ह्या सर्व्हिसचं माझ्या मते सगळ्यात मोठं कौतुक इथे आहे. आर-३२ मध्ये सक्शन प्रेशर (कॉम्प्रेसरकडे परत जाणाऱ्या गॅसचं प्रेशर) गेजवर साधारण १०० पीएसआयच्या (प्रेशर मोजायचं एकक) आसपास आलं की कॉइलमधल्या गॅसचं तापमान ० अंशाला टेकतं (जुन्या आर-२२ च्या एसीत हेच साधारण ५७-५८ पीएसआयला होतं, म्हणून दोन्हीचे आकडे एकमेकांत मिसळायचे नाहीत). आमचं प्रेशर धुण्याआधी त्याच्याही खाली होतं. आता गंमत बघा, हाच आकडा बघून आधीच्या माणसानी गॅस कमी आहे म्हणून टॉप-अप केला होता. पण कॉइलवरून हवा कमी गेली तरी प्रेशर असंच पडतं! गॅसला उष्णता मिळत नाही, तो कमी उकळतो, प्रेशर उतरतं. म्हणजे घाण ब्लोअर आणि गॅस लीक ह्या दोन्हीत गेजचा काटा एकाच बाजूला जातो, आणि हवेची वाट साफ केल्याशिवाय त्या काट्यावरून काहीही ठरवता येत नाही. त्यात टॉप-अप केला की प्रेशर चढतं, कॉइल शून्याच्या वर येते, बर्फ गायब, आपण खूश. मग ब्लोअरवर अजून धूळ बसते आणि बर्फ परत येतो. आमचं नेमकं हेच झालं होतं.

इन्व्हर्टर एसीत अजून एक गोष्ट असते, कॉम्प्रेसर स्वतःचा वेग बदलत राहतो त्यामुळे प्रेशरही हलत राहतं, कधीही गेज लावून वाचून चालत नाही. ह्यांनी एसी आधी टेस्ट मोडमध्ये टाकला म्हणजे कॉम्प्रेसर एका वेगावर राहतो, मग थोडा वेळ थांबून आकडा लिहून घेतला. एसी बंद ठेवून गेज लावून गॅस फुल आहे असं कुणी म्हणत असेल तर तेही धरू नका, बंद असताना सिस्टीममध्ये थोडा जरी द्रव शिल्लक असला तरी प्रेशर बाहेरच्या तापमानाप्रमाणेच दाखवणार, गॅस किती आहे ते त्यातून कळतच नाही.

साफ केल्यावर प्रेशर वर आलं, पण जरा जास्तच वर, आणि क्लॅम्प मीटरवर (वायरभोवती अडकवून करंट मोजायचं मीटर) कॉम्प्रेसरचा करंटही स्टिकरवरच्या आकड्याच्या पुढे. म्हणजे टॉप-अपमधला गॅस आता जास्त झाला होता. इथे मला वाटलं थोडासा हवेत सोडून मोकळे होतील, पण त्यांनी आधी गॅस आत असतानाच फ्लेअर नटांवर (पाईप जोडणारे नट) आणि कॉइलच्या जोडांवर डिटेक्टर फिरवला, साबणाचा फेस लावून बघितला, लीक कुठेच नाही, आणि नंतर रिकव्हरी सिलिंडरमध्ये (गॅस परत भरून घ्यायची टाकी) सगळा गॅस काढला. मग व्हॅक्यूम पंप लावून ५०० मायक्रॉनच्या (व्हॅक्यूम किती झाला ते मोजायचं एकक) खाली नेलं, पंप बंद करून आकडा टिकतोय का ते बघितलं आणि आउटडोअरच्या स्टिकरवर जेवढं वजन छापलंय तेवढा गॅस वजनकाट्यावर मोजून भरला. गॅस भरायची खरी पद्धत हीच, अंदाजानी नाही. आर-३२ सौम्य ज्वलनशील असतो, त्यामुळे काम करताना खिडक्या उघड्या ठेवल्या आणि जवळपास कुठलीही ज्योत नको हेही आधीच सांगितलं. आणि एक वाक्य मला फार पटलं, एसीतला गॅस पेट्रोलसारखा संपत नसतो, बंद सर्किट आहे, कमी झाला असेल तर कुठूनतरी गळतोय आणि ते भोक न बुजवता गॅस भरणं म्हणजे परत बोलावण्याची सोय.

अजून एक छोटं पण महत्त्वाचं. कॉइलला एक सेन्सर असतो, छोट्या नळीत खोचलेला, कॉइल शून्याजवळ आली की तो बोर्डला सांगतो आणि बोर्ड कॉम्प्रेसर हळू करतो किंवा थांबवतो. एवढा बर्फ जमेपर्यंत हे संरक्षण का चाललं नाही असं मीच विचारलं, कारण तोपर्यंत मी बरंच वाचलं होतं. बघितलं तर सेन्सर नळीतून अर्धा बाहेर आलेला, म्हणजे तो कॉइलचं नाही तर आजूबाजूच्या हवेचं तापमान सांगत होता. मल्टिमीटरनी त्याचा रेझिस्टन्स तपासला, सेन्सर ठीक होता, नीट आत बसवून क्लिप लावली. बहुतेक आधीच्या कुठल्यातरी धुण्यात तो निसटला असावा. सर्व्हिसिंग झाल्यावर सेन्सर जागेवर आहे का हे विचारा, दोन सेकंदांचं काम आहे.

निघताना सेटिंगबद्दलही बोलले. रात्री १६-१७ वर ठेवून फॅन सगळ्यात हळू करायचा ही सवय असेल तर चांगल्या एसीतही कॉइल गोठू शकते, विशेषतः बाहेरही गारवा असेल तेव्हा. तापमान कमी ठेवल्यानी खोली लवकर गार होत नाही, एसी फक्त जास्त वेळ चालत राहतो. फॅन ऑटो किंवा मिडियम, इतकंच. दर टनामागे मिनिटाला साधारण ४०० घनफूट हवा कॉइलवरून जायला हवी असा ह्या धंद्यातला जुना हिशोब आहे, म्हणजे आमच्या दीड टनाला ६००, त्यामुळे पडदा किंवा कपाट इनडोअरच्या अगदी जवळ असेल तर तेही बाजूला घ्या.

आता न आवडलेलं. दिलेल्या वेळेपेक्षा बरेच उशिरा आले आणि मधे फोन केला नाही. धुण्यासाठी इनडोअरला जी पिशवी बांधतात ती आमच्या युनिटला नीट बसत नव्हती, भिंतीवर काळे शिंतोडे उडाले, पुसले त्यांनी पण डाग थोडे राहिलेच. आणि सगळे आकडे, धुण्याआधीचं प्रेशर, नंतरचं, भरलेल्या गॅसचं वजन, हे सगळं त्यांच्या मोबाईलमध्ये, मला मागून घ्यावं लागलं. हे कागदावर ग्राहकाला द्यायलाच हवं, पुढच्या वेळी कुणीही आलं तरी तुलना करता येते. अर्धा मार्क ह्याच्यासाठी गेला. काम पूर्ण दिवस खातं हेही लक्षात ठेवा, ब्लोअर काढून धुणं आणि गॅस वजनावर भरणं तासाभरात होणारी कामं नाहीत, आणि कुणी तासाभरात होतील म्हणत असेल तर कुठली पायरी गाळणार ते विचारा.

बाजारात मिळणारा फोमचा कॉइल क्लीनरही मी मधल्या काळात वापरून बघितला होता. कॉइलच्या पुढच्या भागावर धूळ नुकती बसायला लागली असेल तर चांगला आहे, वासही जातो, पण ब्लोअरच्या पात्यांतला थर त्यानी निघत नाही, आणि ॲसिडवाला क्लीनर असेल तर नकोच, फिन्स खातो. तसंच ज्यांचा एसी हीटिंगही करतो त्यांना थंडीत आउटडोअरवर बर्फ दिसेल, तो वेगळा विषय, मशीन मधूनमधून स्वतःच डीफ्रॉस्ट करतं, तेव्हा फॅन थांबतो आणि वाफ निघते, त्यासाठी कुणाला बोलावू नका. तो बर्फ वितळतच नसेल तर मात्र बोलवा.

आत्ता एसी रात्रभर चालतो, कॉइल ओली असते पण पांढरी नाही. आत जाणाऱ्या आणि बाहेर येणाऱ्या हवेतला फरक साध्या थर्मामीटरनी मोजला तर १० अंशांच्या आसपास येतोय, जो ठीक मानतात. कुणाला बोलावणार असाल तर फोनवरच दोन प्रश्न विचारून घ्या, ब्लोअर बाहेर काढून धुता का आणि गॅस वजनकाट्यावर भरता का. दोन्हीला हो आलं तर बोलवा, एकाला जरी ते लागत नाही हो असं उत्तर आलं तर पुढचा नंबर लावा.