गिरगावातलं रॉयल ऑपेरा हाऊस: नाटक कुठलंही असो, एकदा आत जाऊन याच

आमच्या पिढीला ऑपेरा हाऊस म्हणजे बसस्टॉप आणि हिरेबाजार, तिथे खरंच एक थिएटर आहे हे कित्येकांच्या गावीही नव्हतं, कारण १९९३ ला बंद पडलं ते थेट २०१६ च्या ऑक्टोबरमधे उघडलं. मागच्या महिन्यात एका कार्यक्रमाला गेलो आणि पहिली काही मिनिटं स्टेजकडे बघितलंच नाही, नुसतं वर बघत बसलो! घुमटाचे आठ भाग, कवी नाटककारांना मानवंदना म्हणून केलेले, सगळीकडे सोनेरी नक्षी, आणि फॉयरमधली (म्हणजे प्रवेशदालनातली) ससून या जुन्या मुंबईच्या धनाढ्य व्यापारी घराण्याकडून आलेली झुंबरं तर बघतच राहावी अशी.

उद्घाटन १९११ ला पंचम जॉर्जच्या हस्ते, तेही काम पुरं व्हायच्या आधीच (म्हणजे आधी फीत मग बांधकाम हे मुंबईत जुनंच आहे). नाव ऑपेराचं असलं तरी बालगंधर्व, मास्टर दीनानाथ इथे गायलेत, पृथ्वीराज कपूरांची नाटकं झालीत. पुढे सिनेमे लागायला लागले, त्यासाठी आतली रचना बदलली, १९५२ ला गुजरातमधल्या गोंडल संस्थानच्या महाराजांनी घेतलं, आणि नंतर व्हिडिओ टीव्हीच्या जमान्यात प्रेक्षकच येईना.

दुरुस्ती वास्तुविशारद आभा नारायण लांबा यांनी केली आणि मला सगळ्यात आवडलं ते हे की नवं चकचकीत काही घुसवलं नाही, सिनेमासाठी केलेली तोडफोड काढून जुनं रूप परत आणलं. २०१७ ला युनेस्कोचा वारसा जतनाचा पुरस्कारही मिळाला. पण पुरस्कारापेक्षा मोठी गोष्ट म्हणजे इथे खरंच वापर आहे, तिकीट काढून माणसं येतात, नाहीतर आपल्याकडे वारसा म्हटलं की रंग द्यायचा, कुलूप लावायचं आणि बोर्ड टांगायचा.

हॉल छोटा आहे, साधारण पावणेसहाशे खुर्च्या, त्यामुळे मागे बसलात तरी नटाचा चेहरा दिसतो. जमलं तर बाल्कनीचं तिकीट घ्या, घुमट जवळून दिसतो.

पाचापैकी साडेचार. अर्धा मार्क बाहेरच्या ट्रॅफिकला कापलाय, थिएटरला नाही. गाडी घरी ठेवा, चर्नी रोडला उतरून चालत या, आणि अर्धा तास आधी पोचा, एकदा दिवे गेले की छत दिसत नाही.