टिळक की दाते? पंचांग धरण्याआधी आकाशातला खुंटा पाहा

2012 साली रत्नागिरीजवळ मावशीकडे गणपती बसले 21 ऑगस्टला. मुंबईत आमच्याकडे ते आले 19 सप्टेंबरला. दोन्ही घरांत तिथी एकच, भाद्रपद शुद्ध चतुर्थी. मावशीकडे टिळक पंचांग, आमच्याकडे दाते. आता पुतणीचं लग्न ठरलंय, सासरी टिळक पंचांग आहे, आणि ती विचारतेय, "काकू, मी कोणतं धरू?" तिच्यासारख्या कुणालाही उपयोग व्हावा म्हणून हे लिहितेय.

भांडण कुठे नाही, ते आधी सांगते. तिथी म्हणजे चंद्र आणि सूर्य यांच्यातलं अंतर, दर 12 अंशांना एक. मोजणी कुठूनही सुरू करा, दोघांमधलं अंतर बदलत नाही. त्यामुळे एकादशी, संकष्टी, अमावास्या दोन्हीकडे एकाच दिवशी. फरक पडतो तो नक्षत्र, रास, संक्रांत आणि अधिक मास यांत, कारण त्यांना आरंभबिंदू लागतो.

आणि तो बिंदूच सरकतो. सूर्य विषुववृत्त ओलांडून उत्तरेला येतो तो वसंतसंपात ताऱ्यांच्या पार्श्वभूमीवर दरवर्षी सुमारे 50 विकला (अंशाचे 60 भाग म्हणजे कला, कलेचे 60 भाग म्हणजे विकला) मागे जातो, म्हणजे साधारण 72 वर्षांत एक अंश. संपातापासूनच मोजलं तर ते सायन. एखाद्या ताऱ्याशी गाठ मारून मोजलं तर निरयन. दोन्ही आरंभांमधलं अंतर म्हणजे अयनांश. निरयनवाल्यांत वाद आहे तो गाठ कोणत्या ताऱ्याशी मारायची, एवढाच.

टिळक पंचांगाने ती रेवतीच्या योगताऱ्याशी, म्हणजे त्या नक्षत्राची खूण मानलेल्या ताऱ्याशी मारली. एकोणिसाव्या शतकात केरूनाना छत्र्यांनी पटवर्धनी पंचांग काढलं ते याच धोरणाने, आणि त्यांचे विद्यार्थी लोकमान्य टिळक यांनी ते पुढे नेलं. युक्तिवाद सरळ आहे: नक्षत्रचक्र रेवतीच्या शेवटी संपतं आणि अश्विनीपासून सुरू होतं, तर खुंटा तिथेच हवा. यात अयनांश येतो 20 अंशांच्या थोडा वर. अडचण ताऱ्याचीच आहे. मावशीच्या अंगणात अमावास्येच्या रात्री दुर्बीण घेऊन मी तो शोधला. इतका मंद, की नकाशा मांडीवर नसता तर शेजारचाच कुठला तरी धरून बसले असते. शहरातून तो दिसतच नाही.

चित्रा ताऱ्याशी गाठ मारणाऱ्या चित्रापक्षाचं म्हणणं वेगळं. सूर्यसिद्धांत या जुन्या ज्योतिषग्रंथात चित्रा बरोबर 180 अंशांवर सांगितलीय, म्हणजे तिच्या समोरचा बिंदू हा आरंभ. व्यंकटेश बापूजी केतकरांनी हा पक्ष हिरिरीने मांडला. सोलापूरचं दाते पंचांग याच पक्षाचं. 1952 साली मेघनाद साहा यांच्या अध्यक्षतेखाली नेमलेल्या दिनदर्शिका सुधारणा समितीनेही निरयन गणितासाठी 21 मार्च 1956 चा अयनांश 23 अंश 15 कला धरला, तो याच जातीचा. आज तो 24 अंशांच्या थोडा वर आहे. चित्रा मात्र कुणालाही दाखवता येते. सप्तर्षींच्या शेपटीचा बाक तसाच पुढे न्या, आधी तांबूस स्वाती लागते, मग निळसर पांढरी चित्रा. चैत्री पौर्णिमेला चंद्र तिच्या आसपास असतो, महिन्याचं नावच त्यावरून पडलं.

हा जवळजवळ चार अंशांचा फरक घरात शिरतो तो असा. टिळक पंचांगात मकरसंक्रांत 10 जानेवारीच्या सुमारास, दात्यांत 14 किंवा 15 ला. नक्षत्र 13 अंश 20 कलांचं असतं, म्हणून साधारण दहांतल्या तिघांचं जन्मनक्षत्र दोन पंचांगांत वेगवेगळं निघतं. आणि ज्या चांद्रमासात संक्रांत होत नाही तो अधिक, त्यामुळे संक्रांत चार दिवस अलीकडे आली की कधीकधी अधिक मासच दुसरीकडे जातो. 2012 ला तेच झालं. दात्यांत अधिक भाद्रपद होता, टिळकांत तोच निज, म्हणजे खरा भाद्रपद.

तिसरा मार्ग सायन. शंकर बाळकृष्ण दीक्षितांसारखा अभ्यासू माणूस त्याच्या बाजूचा होता, आणि 22 मार्च 1957 पासून लागू झालेली भारतीय राष्ट्रीय दिनदर्शिका सायन वर्षावरच चालते. ऋतूंशी याचाच मेळ बसतो, कारण उत्तरायण खरोखर 21-22 डिसेंबरलाच सुरू होतं. पण घरचे सण त्यावर करणारं कुटुंब मला भेटलेलं नाही.

माझं मत विचाराल तर गणित म्हणून मला चित्रापक्ष पटतो: जो खुंटा दिसतो, तो हलवून पाहता येतो. रेवतीचा तारा धरणाऱ्या रैवतवाल्यांना मी चुकीचं म्हणणार नाही. ग्रहलाघव या जुन्या गणितग्रंथावरची पंचांगं आकाशाशी जुळेनाशी झाली तेव्हा ती सुधारायची धमक आपल्याकडे आधी छत्र्यांनी दाखवली.

पुतणीला मी सांगितलं, सण सासरचे, सासरच्या पंचांगाने कर. गणपतीला सगळं गाव, सगळी भावकी एकत्र असते, तिथे एकटीने महिनाभर मागे राहण्यात अर्थ नाही. पत्रिका मात्र एकाच पक्षाने कर. मुलाची टिळकांवरून आणि मुलीची दात्यांवरून काढून गुण जुळवले, तर तो हिशेब दोन वेगळ्या फूटपट्ट्यांचा झाला. मोबाईलवर पत्रिका काढलीस तर आधी अयनांशाच्या खणात काय आहे ते बघ. तिथे बहुधा 'लाहिरी' लिहिलेलं असतं, म्हणजे चित्रापक्ष.