संवाद नसलेला लघुपट: पार्श्वसंगीत की नुसता खोलीचा आवाज?

संवादाविना एकटेपणा दाखवायचा, तर ध्वनीचं काय करायचं हे शूटिंगआधीच ठरवावं. एडिटिंगला बसल्यावर ठरवलं तर पर्याय उरत नाही; मिळेल ते संगीत चिकटवावं लागतं.

संगीताची बाजू लंगडी नाही. अ‍ॅनिमेशनमध्ये तर मुळीच नाही, कारण तिथे खोलीचा आवाज, म्हणजे कुणी बोलत नसतानाही खोलीत असणारी बारीक गुणगुण, आयता मिळत नाही. 'फादर अँड डॉटर' (२०००) हा अ‍ॅनिमेटेड लघुपट ८ मिनिटांत एक अख्खं आयुष्य सरकवतो, आणि 'डॅन्यूबच्या लाटा' या जुन्या वॉल्ट्झची (नाचाच्या संगीताची) सुरावट ते आयुष्य सलग ठेवते. शिवाय मोबाइलच्या स्पीकरवर फ्रिजची घरघर पोचत नाही, पियानो पोचतो.

घोडं अडतं ते ठेक्यापाशी. मिनिटाला ६० ठोके आणि चार ठोक्यांचं आवर्तन धरलं, तर एक आवर्तन ४ सेकंदांचं. पात्र सवयीने दोन कप काढतं, थबकतं, एक परत फळीवर ठेवतं. त्या थबकण्याला ६ सेकंद हवेत. एडिटिंगच्या टाइमलाइनवर संगीत आधीच असेल, तर एडिटरचा हात चौथ्या सेकंदाला कट मारतो. हट्टाने शॉट लांबवला, तर पुढचे सगळे कट ठेक्यावरून घसरतात. वर व्हायोलिन चेहऱ्याच्या आधी रडायला लागतं, ते वेगळंच.

खोलीचा आवाज त्या मानाने कष्टाचा. शॉट संपल्यावर माइक न हलवता, सगळ्यांना गप्प उभं करून ६० सेकंदांची शांतता रेकॉर्ड करायची. हे राहिलं तर प्रत्येक कटला मागची गुणगुण उडी मारते, आणि ती सांधायला हाताशी काही नसतं. पूर्ण निःशब्द तुकडा तर नकोच. प्रेक्षकाला स्पीकर बिघडल्यासारखं वाटतं. फ्रिज बंद ठेवा, कारण कॉम्प्रेसर नेमका टेकच्या मध्यात सुरू होतो. (गाडीची किल्ली फ्रिजमध्येच ठेवावी, म्हणजे निघताना तो चालू करायचं विसरत नाही.) कप, पावलं, कपड्यांची सळसळ नंतर जवळून वेगळी घ्यावी. मोबाइलवरच्या प्रेक्षकासाठी घरघरीऐवजी नळाची टपटप किंवा भिंतीपलीकडचं हसणं निवडावं.

कथा वर्षानुवर्षांची असेल तर संगीत घ्यायला हरकत नाही. एका खोलीतली एकच संध्याकाळ असेल, तर माझा कल खोलीच्या आवाजाकडे. राहवलंच नाही तर संगीत शेवटच्या श्रेयनामावलीवर घाला. तिथे ते कुणाच्या आड येत नाही.