माचिको क्यो यांचे चित्रपट : सुरुवात कोठून करावी?

जपानी चित्रपटांकडे नव्याने वळलेल्या प्रेक्षकाला माचिको क्यो हे नाव फार लवकर भेटते. 'राशोमोन', 'उगेत्सू' आणि 'जिगोकुमोन' या तीन चित्रपटांनी १९५१ ते १९५५ या अवघ्या चार-पाच वर्षांत व्हेनिस, कान आणि ऑस्करचे सन्मान मिळवले आणि तिन्हींत प्रमुख स्त्री-भूमिका त्यांचीच होती. त्यामुळे जपानमध्ये त्यांना 'ग्रां प्री अभिनेत्री', म्हणजे मोठ्या पारितोषिकांची अभिनेत्री, म्हटले जाऊ लागले. हे बिरुद गौरवाचे असले तरी त्यामुळे नव्या प्रेक्षकाची एक अडचण होते. तो पारितोषिकांच्या क्रमाने चित्रपट पाहतो आणि या अभिनेत्रीचे खरे सामर्थ्य कशात आहे, हे त्याच्या हाती फार उशिरा लागते. ज्यांच्याकडे दोन-तीन संध्याकाळीच आहेत, त्यांनी कोणते चित्रपट निवडावेत, हे ठरवायला मदत व्हावी म्हणून त्यांच्या पाच चित्रपटांची ही तुलना.

त्यांचा जन्म १९२४ साली ओसाका येथे झाला. बाराव्या वर्षी, १९३६ साली, त्या ओसाकातील शोचिकू या मनोरंजन कंपनीच्या मुलींच्या संगीत-नृत्य मंडळीत दाखल झाल्या आणि पुढची बारा-तेरा वर्षे त्यांची ओळख नर्तकी अशीच होती. १९४९ साली दाइएइ कंपनीने त्यांना चित्रपटात आणले. कंपनीचे प्रमुख मासाइची नागाता यांना पडद्यावर हवी होती ती युद्धोत्तर काळातील मोकळी, देहाचा संकोच न बाळगणारी तरुणी, आणि सुरुवातीची प्रसिद्धीही त्याच अंगाने झाली. परंतु नृत्याने त्यांना सुडौल देहापेक्षा मोलाचे काही दिले होते. मान किती वळवायची, पाऊल कोठे थांबवायचे, श्वास केव्हा रोखायचा याचा हिशेब त्यांच्या अंगात मुरलेला होता. म्हणूनच त्यांच्या चित्रपटांची तुलना करताना मी प्रत्येक ठिकाणी एकच प्रश्न विचारतो : दिग्दर्शकाने त्यांच्यातील नर्तकीचे काय केले?

'राशोमोन' (१९५०) मध्ये अकिरा कुरोसावा यांनी तिला मोकळे सोडले. जंगलात झालेल्या एका सामुराईच्या मृत्यूच्या चार वेगवेगळ्या साक्षी असल्यामुळे सामुराईच्या पत्नीची भूमिकाही चार वेळा नव्याने घडते. दरोडेखोराच्या सांगण्यात ती वाघिणीसारखी झुंजते, स्वतःच्या सांगण्यात ती पतीच्या थंड नजरेने खचलेली आहे आणि लाकूडतोड्याच्या सांगण्यात ती दोन्ही पुरुषांना हसून डिवचते. पत्नीच्या साक्षीत खंजीर हातात धरून ती पतीकडे सरकते, थबकते, पुन्हा सरकते. फुमिओ हायासाका यांचे पुन्हापुन्हा घोळत चढत जाणारे संगीत आणि तिच्या देहाचे हेलकावे इतके एकजीव झाले आहेत की तो प्रसंग मला एखाद्या नृत्यरचनेसारखाच वाटतो. क्यो यांच्या निष्ठेची आठवण कुरोसावा यांनी आत्मचरित्रात लिहून ठेवली आहे : एका सकाळी ते अजून अंथरुणातच असताना क्यो हातात संहिता घेऊन जवळ येऊन बसल्या आणि काय करायचे ते शिकवा, असे म्हणाल्या. तरीही पहिला चित्रपट म्हणून मी 'राशोमोन' सुचवणार नाही. यातील आक्रोश आणि हास्य टिपेला पोहोचलेले आहे, शेजारी दरोडेखोर झालेल्या तोशिरो मिफुने यांचा धुमाकूळ आहे, आणि कोणाची साक्ष खरी या कोड्यात प्रेक्षक गुंतला की अभिनेत्रीकडे त्याचे लक्ष निम्मेच उरते. मी स्वतः येथूनच सुरुवात केली होती आणि माझे नेमके तेच झाले.

'जिगोकुमोन' (१९५३) याच्या अगदी उलट टोकाचा आहे. तेइनोसुके किनुगासा दिग्दर्शित आणि इंग्रजीत 'गेट ऑफ हेल' या नावाने मिळणारा हा चित्रपट बाराव्या शतकातील हेइजी बंडाच्या काळात घडतो. दाइएइचा हा पहिला रंगीत चित्रपट. १९५४ साली कान महोत्सवाचा सर्वोच्च पुरस्कार आणि पुढच्या वर्षी वेशभूषेचे ऑस्कर त्याला मिळाले, आणि ते रास्तच होते, कारण यातील केशरी, जांभळे आणि हिरवे रेशीम आजही नजर खिळवून ठेवते. येथे क्यो केसा नावाच्या विवाहितेच्या भूमिकेत आहेत. एक योद्धा तिच्या मागे वेडा झाला आहे आणि तिला मात्र घराची मर्यादा सांभाळायची आहे. नर्तकीला जवळजवळ निश्चल ठेवण्याचा हा प्रयोग आहे. रंग आणि पोशाखाची आवड असलेल्याने तो जरूर पाहावा. परंतु केसाच्या मनात काय चालले आहे, हे कथानक फार वेळ झाकून ठेवते, त्यामुळे अभिनय पाहायला आलेल्या माणसाचे समाधान अर्धेच होते.

माझ्या मते पहिली संध्याकाळ 'उगेत्सू'ला (१९५३) द्यावी. केंजी मिझोगुची यांनी अकिनारी उएदा यांच्या अठराव्या शतकातील गूढकथांवरून हा चित्रपट केला. सोळाव्या शतकातील यादवीत माती घडवणारा गेंजुरो आपली भांडी विकायला बाजारात जातो आणि तेथे लेडी वाकासा नावाची खानदानी स्त्री त्याला आपल्या वाड्यावर बोलावते. भुवया काढून कपाळावर उंच रेखलेल्या, चेहरा नोह या पारंपरिक जपानी नाट्यातील मुखवट्यासारखा पांढरा आणि चाल पाय न उचलता सरकण्याची. वाड्यात ती गेंजुरोसमोर गाते आणि नाचते. हालचाल अगदी थोडी असते, आणि मध्येच तिच्या मृत वडिलांचा खोल आवाज त्या गाण्यात मिसळू लागतो. त्या क्षणी ती वळते तेव्हा ही स्त्री या जगातील आहे का, हा संशय तिच्या मानेच्या एका मंद वळणातून अंगावर येतो. मिझोगुची दृश्य तुकड्यांत कापत नसत, एकेक चित्रण दीर्घकाळ चालू ठेवत, आणि अशा चित्रणात सारा भार नटाच्या देहावर पडतो. रंगमंचावर वाढलेल्या नर्तकीला हे सोपे गेले असेल असे नाही, परंतु तिच्या शिक्षणाचा पूर्ण उपयोग करून घेणारी याहून चांगली पद्धत मला दुसऱ्या कोणत्याही दिग्दर्शकात दिसत नाही. येथे भीती आणि आसक्ती वेगळी करता येत नाही. प्रेक्षक गेंजुरोसारखाच भुलतो.

दुसऱ्या संध्याकाळी त्याच मिझोगुचींचा 'आकासेन चिताई' (१९५६), म्हणजे 'स्ट्रीट ऑफ शेम', पाहिला तर ही वाकासाच आहे यावर विश्वास बसणार नाही. तोक्योतील योशिवारा वस्तीतील 'ड्रीमलँड' या वेश्यागृहात मिकी ही नवी मुलगी येते. शिंपल्याच्या आकाराच्या सजावटीवर उभी राहून ती व्हीनसचा आव आणते, भरपूर खाते, उधारी करते, सहकारी बायकांच्या गिऱ्हाइकांवर डोळा ठेवते. पश्चिमी पोशाखातील तिचे ते ऐसपैस वावरणे पाहिले की सरकत्या पावलांची शिस्त एखाद्याने मुद्दाम मोडून टाकावी तसे वाटते. पुढे वडील तिला घरी न्यायला येतात. त्यांना तिची काळजी कमी आणि घराण्याच्या अब्रूची अधिक आहे हे तिला कळते, तेव्हा ती त्यांना जे सुनावते त्यात थट्टेचा सूर हळूहळू गळून पडतो. हा चित्रपट मार्च महिन्यात प्रदर्शित झाला आणि त्याच वर्षी मे महिन्यात जपानी संसदेने वेश्याव्यवसायविरोधी कायदा संमत केला. ज्यांना ऐतिहासिक पोशाखी चित्रपटांचा कंटाळा आहे, त्यांनी 'उगेत्सू' बाजूला ठेवून सरळ येथून सुरुवात केली तरी चालेल.

कोन इचिकावांचा 'कागी' (१९५९) आणि मार्लन ब्रँडोसोबतचा हॉलिवूडपट 'टीहाऊस ऑफ द ऑगस्ट मून' (१९५६) हे नंतरसाठी ठेवावेत. पहिला उत्तम असला तरी थंड आहे आणि दुसऱ्यात त्यांच्या वाट्याला गेशाची ठरीव भूमिका आली आहे.

तिसरी संध्याकाळ मिळालीच तर ती यासुजिरो ओझू यांच्या 'उकिगुसा'साठी (१९५९) राखावी. या तुलनेतील आधीचे चार चित्रपट दीड तासाच्या आसपास संपतात, तर हा जवळजवळ दोन तासांचा आणि संथ आहे, म्हणून तो आधी घेऊ नये. काझुओ मियागावा यांचा कॅमेरा 'राशोमोन'मध्ये झाडीतून धावत होता, 'उगेत्सू'मध्ये तरंगत होता. येथे तो हलतच नाही. फिरत्या नाटक मंडळीचा मालक कोमाजुरो एका किनाऱ्यावरच्या गावात येतो. तेथे त्याची जुनी प्रेयसी आणि त्याचा मुलगा राहतात, आणि हे कळल्यावर त्याची सध्याची सोबतीण सुमिको मत्सराने पेटते. धो धो पावसात रस्त्याच्या दोन बाजूंच्या पागोळ्यांखाली उभे राहून दोघे एकमेकांवर ओरडतात, आणि रस्ता मात्र कोणीच ओलांडत नाही. सुमिको आपल्या बाजूच्या पट्टीतच येरझाऱ्या घालते, एवढीच काय ती हालचाल. शेवटी रात्रीच्या रेल्वे स्थानकावर कोमाजुरो सिगारेट ओठांत धरून आगपेटी शोधू लागतो. सुमिको उठून त्याच्याजवळ येते, काडी ओढून पुढे धरते. तो तोंड फिरवतो. ती दुसरी काडी ओढते.