टोयोटा बीझेड३एक्स : ग्वांगझूमध्ये दहा महिने, १६,४०० किलोमीटर

गेल्या जूनमध्ये दक्षिण चीनमधल्या ग्वांगझूत ही इलेक्ट्रिक गाडी घेतली तेव्हा पुण्यातल्या मित्रांनी एकच प्रश्न विचारला, "चीनमध्ये राहून टोयोटा? इलेक्ट्रिकच घ्यायची तर चिनी कंपनीची का नाही घेतलीस?" प्रश्न रास्त होता. इथले माझे सहकारीही तेच म्हणाले. त्यांच्यातल्या निम्म्या लोकांच्या वडिलांकडे एकेकाळी जपानी गाडी होती आणि त्यांच्या स्वतःकडे मात्र चिनी आहे. २०२० च्या आसपास इथे विकल्या जाणाऱ्या दहापैकी सहा मोटारी परदेशी नावाच्या असत. २०२४ पर्यंत हे प्रमाण नेमकं उलटलं. त्याच वर्षी जुलैमध्ये महिन्याभरात विकलेल्या गाड्यांत इलेक्ट्रिक आणि प्लग-इन (इंजिनही असलेल्या, पण बाहेरून चार्ज होणाऱ्या) गाड्या निम्म्याहून जास्त होत्या.

मी मोल्डचा, म्हणजे प्लॅस्टिकचे पार्ट बनवायच्या साच्यांचा, माणूस आहे. चाकणला अकरा वर्षं मोटारींच्या प्लॅस्टिक पार्टचे मोल्ड केले, आता सहा वर्षं इथे तेच करतो. राहायला पान्यूत, कामाला नान्शात (दोन्ही ग्वांगझूचेच भाग), येऊन-जाऊन साठ किलोमीटर. टोयोटा आणि इथली जीएसी कंपनी यांच्या भागीदारीतल्या जीएसी टोयोटाचा कारखानाही नान्शातच आहे. म्हणजे माझी गाडी जिथे बनली त्याच भागात ती रोज जाते. मी जे लिहितोय ते गाडीबद्दल आहेच, पण त्याहून जास्त, परदेशी कंपनीने इथल्या माणसासाठी गाडी करायची म्हणजे काय करायचं, याबद्दल आहे. मला पंधरा-सतरा वर्षं हाच प्रश्न धंद्यात पडलेला आहे.

आधी किंमत सांगतो, कारण इथे सगळं किंमतीपासून सुरू होतं. मी सगळ्यात वरचं मॉडेल घेतलं, ६१० मॅक्स, १,५९,८०० युआन. आपल्या पैशात १९ लाखांच्या आसपास. सगळ्यात खालचं मॉडेल १,०९,८०० युआनला सुरू झालं. याच टोयोटाने २०२२ मध्ये बीझेड४एक्स इथे आणली तेव्हा तिची सुरुवात १,९९,८०० युआनपासून होती. ती गाडी जगभरासाठी आखलेली होती. इथल्या गिऱ्हाइकाने ती पाहिली, शेजारच्या चिनी शोरूममध्ये निम्म्या पैशात काय मिळतं तेही पाहिलं, आणि तो निघून गेला. तीन वर्षांत टोयोटाने सुरुवातीची किंमत जवळपास निम्म्यावर आणली. मार्च २०२५ मध्ये बीझेड३एक्स आली तेव्हा पहिल्या तासात १०,००० हून जास्त मागण्या आल्याचं कंपनीने जाहीर केलं होतं.

नुसती किंमत पाडून हे झालं नाही. टोयोटात मुख्य अभियंता म्हणजे त्या गाडीचा जवळजवळ मालक असतो. १९५० च्या दशकापासून ही त्यांची पद्धत आहे. गाडीत काय असेल, काय नसेल, यावर शेवटचा शब्द त्याचा. ही खुर्ची कायम जपानमध्ये असायची. चीनमध्ये विकायच्या गाड्यांसाठी टोयोटाने ती चीनमध्ये आणली, आणि तिच्यावर इथली माणसं बसवली. वाचायला हे कार्यालयीन फेरबदलासारखं वाटेल, पण ज्याने कधी मोल्ड केलाय त्याला यातली किंमत कळेल.

माझाच एक अनुभव सांगतो. चाकणला असताना एका परदेशी कंपनीच्या गाडीसाठी दाराच्या आतल्या खणाचा मोल्ड आमच्याकडे होता. खण अर्ध्या लिटरच्या बाटलीचा. आपल्याकडे माणूस प्रवासाला निघताना लिटरची बाटली घेतो, ती त्यात बसेना. आम्ही पहिल्याच ट्रायलला सांगितलं. भारतातल्या त्यांच्या साहेबालाही पटलं. पण ड्रॉइंग मुख्यालयात गेलं आणि मंजुरी यायला चौदा महिने लागले. तोवर तो खण हजारो दारांत लागून गेला होता. उलट इथे आल्यावर पहिल्याच वर्षी पाहिलं : दुपारी चारला ट्रायलचे शॉट, म्हणजे मोल्डमधले नमुन्याचे पार्ट, मशीनमधून निघाले, गिऱ्हाईक कंपनीचा इंजिनिअर तिथेच उभा होता, त्याने गरम पार्टवरच मार्करने खूण केली, "इथून तीन मिलिमीटर काढा." रात्री मोल्ड उघडून कामाला घेतला. दुसऱ्या दिवशी संध्याकाळी नवा शॉट हातात. त्याने कुणाला फोनही केला नव्हता.

बीझेड३एक्समध्ये बसलो तेव्हा मी सर्वात आधी दाराचा खण पाहिला, हे उघड आहे. इथला माणूस बाराही महिने गरम पाण्याचा थर्मास बाळगतो. ऑफिसात, मीटिंगला, बागेत, सगळीकडे. माझा थर्मास जाड आहे, बायकोचा उंच आहे. दोन्ही बसतात, आणि वळणावर खडखडत नाहीत. दहा महिने मी रोज हे पाहतो आणि रोज बरं वाटतं.

दुसरी गोष्ट दुपारच्या झोपेची. चीनमध्ये जेवणानंतर वामकुक्षी ही लाजायची गोष्ट नाही. आमच्या ऑफिसात एक वाजता दिवे बंद होतात. या गाडीत पुढच्या सीट पूर्ण आडव्या होऊन मागच्या बाकाला मिळतात आणि सपाट बिछाना तयार होतो. नान्शात उन्हाळ्यात एसी लावून मी त्यात अर्धा तास आडवा होतो. पार्किंगमध्ये नजर टाकली तर दहा-बारा गाड्यांत कुणी ना कुणी झोपलेलं असतंच. जपानमध्ये बसलेल्या माणसाला ही गरज आकडेवारीत दिसली असती, पण जो स्वतः एक वाजता झोपतो त्याला ती सांगावी लागत नाही.

खरा फरक मात्र रस्त्यावर कळतो. छतावर लिडार (लेझरने आजूबाजूचं अंतर मोजणारं यंत्र) आहे, ११ कॅमेरे आहेत, आणि गाडी चालवायला मदत करणारी यंत्रणा मोमेंटा या चिनी कंपनीची आहे. ही कंपनी २०१६ साली सुरू झाली. टोयोटाने स्वतःचं जपानी सॉफ्टवेअर रेटलं नाही, हा मला या गाडीतला सगळ्यात मोठा निर्णय वाटतो. पान्यूत शहराने गिळलेली जुनी गावं आहेत, गल्ल्या बोळाएवढ्या, आणि त्यांतून इलेक्ट्रिक दुचाक्या कुठल्याही दिशेने येतात. ऑगस्टमधली एक संध्याकाळ. धो धो पाऊस, काच पुसूनही पुढचं धूसर. मी उजवीकडे वळत होतो. डावीकडून, उलट बाजूने, रेनकोट घातलेला डिलिव्हरीवाला आला. मला तो दिसायच्या आधी गाडीने वेग कमी केला होता. थांबली नाही, दचकली नाही, नुसती मागे राहिली आणि त्याला जाऊ दिलं. पुण्यात लक्ष्मी रस्त्यावर मुरलेला रिक्षावाला जसं करतो तसं. हे शिकवायला इथल्या रस्त्यावरचे लाखो किलोमीटर लागतात.

पण एक गोष्ट कळकळीने सांगतो. ही मदत आहे, चालक नव्हे. एप्रिल २०२५ मध्ये चीनच्या उद्योग मंत्रालयाने कंपन्यांना जाहिरातीत "स्वयंचलित" वगैरे शब्द वापरण्यावर बंधनं आणली, ते फार योग्य झालं. माझे हात स्टीअरिंगवर असतात आणि घरात दुसरं कुणी चालवत असेल तरी मी तेच सांगतो.

रेंजबद्दल. मॉडेलच्या नावातले ६१० म्हणजे एका चार्जमधले किलोमीटर; हा आकडा चीनच्या मोजणी पद्धतीचा आहे आणि ती पद्धत सगळ्याच गाड्यांबाबत उदार आहे. ग्वांगझूत थंडी नावालाच असते, त्यामुळे मला एसीसकट ४८० ते ५०० मिळतात. हायवेवर ११०-१२० ने गेलो तर ४२० धरून चालतो. बॅटरी लिथियम आयर्न फॉस्फेटची, ६८ किलोवॅट-तासांना थोडी कमी. आठवड्यातून दोनदा रात्री स्वस्त विजेच्या वेळी घरी चार्ज करतो. घरी चार्जर बसवणं मात्र सोपं गेलं नाही. आमच्या संकुलाच्या व्यवस्थापनाने परवानगीसाठी दोन महिने फिरवलं, कधी अग्निशमनाचा कागद, कधी विजेच्या भाराचा. भाड्याच्या घरात राहणाऱ्या मराठी मंडळींनी गाडी बुक करण्याआधी हे विचारून घ्यावं. चिनी नववर्षाच्या सुट्टीत लहान गाड्यांना टोल माफ असतो, त्यामुळे अख्खा देश रस्त्यावर उतरतो. एका विश्रांतीस्थळावर चार्जिंगच्या रांगेत आम्ही दोन तास दहा मिनिटं होतो. मुलीचं चित्रकलेचं वहीभर काम तिथे उरकलं.

गाडीची भाषा, नकाशा, पैसे भरणं, सगळं चिनी आयुष्याभोवती विणलेलं आहे. नकाशावर सिग्नलचे सेकंद उलटे मोजले जातात, आणि पुण्याला आलो की त्याची आठवण होते. पण ज्याला चिनी वाचता येत नाही, त्याने शेजारी वाचणारा माणूस घेऊनच पहिले आठवडे काढावेत. ही गाडी आपल्यासारख्या पाहुण्यासाठी आखलेली नाही, आणि मला त्याबद्दल तक्रार करावीशी वाटत नाही.

आई डिसेंबरमध्ये दीड महिना आली होती. पहिल्या दिवशी मागच्या सीटवर बसली, पाय लांब केले आणि म्हणाली, "अरे, ही टोयोटा म्हणजे आपली क्वालिसवाली ना?" आम्ही दर आषाढीच्या आधी भाड्याची क्वालिस करून पंढरपूरला जायचो, दहा-अकरा माणसं. मला त्या वाक्याने थांबवलं. टोयोटाने २००० साली भारतात पहिली गाडी आणली ती क्वालिस, इंडोनेशियातल्या किजांगवर बेतलेली. दिसायला खोक्यासारखी, पण आपल्या एकत्र कुटुंबाला नेमकी ती हवी होती. म्हणजे ऐकायची कला या कंपनीला नव्यानेच आली असं नाही.

चीनमध्ये ती कला महागात शिकावी लागली. २००३ मध्ये टोयोटाने प्राडो इथे 'बादाओ' या नावाने विकायला काढली होती. बादाओ म्हणजे मुजोर, दांडगाईने वागणारा. जाहिरातीत दगडी सिंह त्या गाडीला सलाम करताना दाखवले. चिनी लोकांना त्यात १९३७ च्या युद्धाची ठिणगी पडली तो मार्को पोलो पूल आठवला, ज्याच्या कठड्यांवर असेच सिंह आहेत. संताप उसळला, कंपनीने माफी मागितली, जाहिरात मागे घेतली आणि पुढे गाडीचं नावही बदलून उच्चाराला जवळ जाणारं, अर्थाने निरुपद्रवी असं ठेवलं. माझ्या गाडीच्या चिनी नावात 'प्लॅटिनम' आणि 'बुद्धी' अशी दोन अक्षरं आहेत. आमच्या इमारतीच्या पहारेकऱ्याला ते नाव आवडतं, तो मला दोनदा सांगून गेलाय.

हे शहर तर न ऐकणाऱ्या परदेशी कंपन्यांचं जुनं साक्षीदार आहे. १९८५ मध्ये फ्रेंच कंपनी प्युजो इथे आली, जुनी मॉडेलं आणि बाहेरून येणारे महाग पार्ट घेऊन. १९९७ ला तिला गाशा गुंडाळावा लागला. तोच कारखाना १९९८ मध्ये होंडाने घेतला, त्या वेळची ताजी अकॉर्ड आणली, आणि लोक रांगा लावू लागले. इतरांनी आपापल्या परीने शिकून घेतलं. मालक मागे बसतो हे ओळखून आउडीने ए६ लांब करून दिली. आता फोक्सवॅगनने २०२३ मध्ये एक्सपेंग या चिनी कंपनीत ७० कोटी डॉलर गुंतवायचं ठरवलं, तंत्र शिकण्यासाठी. चाळीस वर्षांपूर्वी शांघायला सान्ताना ही मोटार बनवायला शिकवणारी हीच फोक्सवॅगन. आणि ज्यांना वेळेत जमलं नाही, त्यांच्यात मित्सुबिशीही आहे, २०२३ मध्ये ती चीनमधलं उत्पादन थांबवून गेली.

मग टोयोटाचं स्वतःचं या गाडीत काय उरलं? मला विचाराल तर दार बंद होतानाचा आवाज. खराब रस्त्यावर डॅशबोर्डमधून न येणारी कुरकुर. १६,४०० किलोमीटरनंतर प्लॅस्टिकच्या सांध्यांतल्या फटी मी फीलर गेजने (फट मोजायच्या पातळ पट्ट्यांनी) पाहिल्या, पहिल्या दिवशी होत्या तेवढ्याच आहेत. पावसाळी मार्चमध्ये इथे भिंतींना घाम फुटतो, इतका दमटपणा असतो. तरी आत ना वास, ना फुगवटा. आमच्या धंद्यात याला मेहनत लागते आणि ती गिऱ्हाइकाला दिसत नाही.

३० जून २०२४ ला सुरू झालेल्या शेनझेन–झोंगशान सेतुमार्गावरून, पूल आणि बोगदा मिळून २४ किलोमीटर, आईला नेलं होतं. समुद्राखाली बोगद्यात ती डोळे मिटून रामरक्षा म्हणत होती, आणि गाडी इतकी शांत होती की शब्द न शब्द ऐकू येत होता.

पुन्हा घ्यायची झाली तर हीच घेईन. पण मधलं मॉडेल, ५२० किलोमीटरचं. माझ्या वापराला ते पुरलं असतं आणि पैसे वाचले असते.

जुलै २०२४ मध्ये टोयोटा किर्लोस्करने छत्रपती संभाजीनगरला कारखान्यासाठी राज्य सरकारशी करार केला, २०,००० कोटींची गुंतवणूक, वर्षाला चार लाख गाड्या. माझ्या मामेभावाचं वाळूजला छोटं मोल्डिंग शॉप आहे. तेव्हापासून तो दर रविवारी फोन करतो : तिथे इंजिनिअर ट्रायलला स्वतः येतात का, बदल कोण मंजूर करतं, किती दिवसांत. मागच्या रविवारी मी त्याला मागच्या दाराचा फोटो पाठवला, खणात थर्मास ठेवलेला. पाच मिनिटांत उत्तर आलं, "दादा, आतून रुंदी किती, आणि तळाला कोन किती दिलाय?" मी व्हर्निअर घेऊन खाली पार्किंगमध्ये गेलो.