शिवसागराच्या काठी काळाचा समुद्र: संथ घ्यायचा की उलटा?

काळ वेगळाच चालणारा समुद्र कथेत किंवा एकांकिकेत आणायचा, तर सातारकरांना जागा शोधायला लांब जावं लागत नाही. कोयनेच्या जलाशयाचं नावच शिवसागर. बामणोलीहून वासोट्याकडे लाँच सुटते, पावसाळ्यात पाणी चढतं आणि मे महिन्यात उतरलं की बुडालेल्या शेतांचे बांध उघडे पडतात. हेच पाणी कल्पनेनं क्षितिजापर्यंत न्या. खरा निर्णय पुढे आहे: पाण्यावर काळ संथ चालणार, की ओहोटीला मागे फिरणार?

संथ समुद्राला आधी प्रमाण लागतं. 1 ला 12 घ्या, म्हणजे समुद्रावरचा एक महिना हे काठावरचं एक वर्ष. हे प्रमाण आपल्या पंचांगात चपखल बसतं. गुरू कन्या राशीत आला की कृष्णाकाठी कन्यागत पर्वकाळ लागतो, तो साधारण 12 वर्षांनी. मागचा 2016 मध्ये झाला. वाईच्या घाटावर कन्यागताचं स्नान करून निघालेला खलाशी त्याच्या हिशोबानं वर्षभरात परततो, तेव्हा घाटावर पुढचं कन्यागत भरलेलं असतं. समुद्रावर पाच वर्षं काढली तर काठावर साठ संवत्सरांचं चक्र पुरं होऊन निघतानाचंच नाव पुन्हा येतं. 1 ला 100 असलं प्रमाण ऐकायला भारी वाटतं, पण दर पानाला गणकयंत्र काढावं लागतं.

वयांचा हिशोब आधीच मांडून ठेवा. 20 वर्षांचा मुलगा दोन वर्षं समुद्रावर राहिला तर 22 चा होऊन येतो. तेवढ्यात 40 ची आई 64 ची आणि 14 ची बहीण 38 ची झालेली असते. वहीत दोन रकाने पाडा, एक काठाचा, एक पाण्याचा, आणि प्रत्येक प्रसंग दोन्हीत नोंदवा. बहुतेक चुका ‘तीन महिन्यांनी’ या दोन शब्दांनी होतात, कारण ते कुणाचे महिने हे लिहिलेलं नसतं. काठाचा अभ्यासही टळत नाही. मुलगा 11 डिसेंबर 1967 च्या कोयना भूकंपानंतर लगेच निघाला असेल, तर तो परततो ते 1991 सरताना. एसटीचं तिकीट, घरातलं इंधन, गावातला फोन, सगळं दोनदा शोधावं लागतं.

सीमेवर मात्र हा समुद्र फार देखणा आहे. काठावरची 200 हर्ट्झची हाक पाण्यावर 2400 हर्ट्झची होऊन पोचते, पाखराच्या शिट्टीसारखी. उलट खलाशाची तीच हाक काठावर 17 हर्ट्झच्या आसपास उतरते. माणसाचा कान साधारण 20 च्या खालचं ऐकत नाही. आई धक्क्यावर उभी आहे, मुलगा ओरडतोय, आणि तिला फक्त छातीत बारीक थरथर जाणवते. एवढ्या एका प्रसंगासाठीसुद्धा हा समुद्र निवडावा.

अडचण उजेडाची. पाण्यावर सूर्य दोन तासांत पूर्ण फेरी मारणार, ऊन निदान बारा पट पडणार आणि तांबड्या उजेडाची 700 नॅनोमीटरची तरंगलांबी 58 वर येऊन तो घातक अतिनील होणार. म्हणून सीमेवर दाट धुक्याची भिंत घाला आणि ती उजेड गाळते हा नियम पहिल्याच पानावर सांगा. सीमा रुंदही हवी. ती रेषेसारखी धारदार ठेवली तर नाळ (पुढचं टोक) आत आणि वरामा (मागचं टोक) बाहेर असलेल्या होडीतल्या माणसाचं रक्त कुठल्या वेगानं वाहणार?

उलट्या समुद्रात भरतीला काळ पुढे आणि ओहोटीला मागे. खरी भरती सुमारे 12 तास 25 मिनिटांनी येते, म्हणजे सव्वासहा तास पुढे, सव्वासहा तास मागे, हाती शून्य. कथा जागची हलत नाही. शिवाय भरतीत जाळलेलं दहा लिटर डिझेल ओहोटीत टाकीत परत येतं आणि जाळ्यातला मासा निसटून जातो, पण नाखव्याला तो आठवतो की नाही हे कुणी ठरवलेलं नसतं. या तिन्ही गोष्टींवर एकच नियम पुरतो: जे पाण्याला शिवलेलं आहे तेवढंच मागे जातं. कापलेलं बोट पाण्यात धरलं की जखम मिटते, बाहीवरचा सुकलेला रक्ताचा डाग तसाच राहतो. डोकं कोरडं असेल तर आठवण शाबूत. उधाण (मोठी भरती-ओहोटी) आणि भांग (लहान भरती-ओहोटी) यांचाही उपयोग करा: अमावास्या-पौर्णिमेला काळ खूप मागे ओढला जातो, अष्टमीच्या भांगेला जेमतेम.

रंगमंचासाठी आमचं मत स्वच्छपणे उलट्या समुद्राच्या बाजूनं आहे. सांगलीत 1843 मध्ये ‘सीता स्वयंवर’ हे मराठी रंगभूमीची सुरुवात मानलं जाणारं नाटक उभं राहिलं, त्या गावात नट अंगानं काय करू शकतो हे वेगळं सांगायला नको. चाळीस-पन्नास मिनिटांच्या एकांकिकेत 24 वर्षं दाखवायची तर रंगभूषेत आणि वेशभूषेत जीव जातो. मिटणारी जखम एका ओल्या फडक्यात होते. उलटी हालचाल बसवताना आधी ती सरळ करून मोबाइलवर टिपा, चित्रफीत उलटी चालवा आणि ते पाहून पाठ करा. अर्ध्या मिनिटापेक्षा लांबवू नका, आणि त्या वेळी संवाद नको, नुसता ढोलकीचा ठेका. दिवाळी अंकाची दीर्घकथा किंवा कादंबरी असेल तर संथ समुद्रच घ्या. तिथे वाट पाहण्याला जागा आहे, आणि मुलगी रेवती हिला घेऊन ब्रह्मलोकी गेलेल्या राजाची, परत येईतो 27 चतुर्युगं उलटल्याची गोष्ट ऐकलेल्या वाचकाला तो समजावून सांगावा लागत नाही.