टीव्हीवरच्या विनोदासाठी बाहुली: मांडीवर घ्यायची की डोक्यावर धरायची?

बाहुलीच्या तोंडून टीव्हीवर लोकांना हसवायचं, हेच काम करायचं असं मनात पक्कं असेल, तर रस्ते मुख्यतः दोन. एक शब्दभ्रमकाराचा: बाहुला मांडीवर, आपण कॅमेऱ्यासमोर. रामदास पाध्ये आणि अर्धवटराव ही जोडी आपल्याला ठाऊक आहेच. दुसरा अमेरिकन बाहुलीकार जिम हेन्सनच्या 'मपेट्स' या बाहुल्यांचा: हात डोक्यावर उंच धरून बाहुली खेळवायची आणि आपण चौकटीखाली, कुणालाही न दिसता.

शब्दभ्रमात ओठ न हलवता बोलायचं असतं, म्हणून सगळी झटापट जिभेशी. प, फ, ब, भ, म हे ओठ मिटल्याशिवाय निघत नाहीत. मग जीभ दातांमागे टेकवून त, द, न यांच्या जवळचा आवाज काढायचा आणि ऐकणाऱ्याला तो प, ब, म वाटेपर्यंत घोटायचा. 'मामा, पापड भाजा' एवढंच ओठ न हलवता म्हणून बघा. शिवाय प्रश्न आपला, उत्तर बाहुल्याचं. मधला क्षण लांबला की हशा गेला.

मपेट शैलीत ओठ मोकळे, पण खांदा भरून येतो आणि नजर सतत मॉनिटरवर, म्हणजे कॅमेऱ्याचं चित्र दाखवणाऱ्या पडद्यावर. ते चित्र आरशासारखं उलटं नसतं. प्रेक्षकाला दिसतं तेच चित्र दिसतं. कॅमेऱ्याकडे तोंड करून हात उजवीकडे नेला की बाहुली पडद्यावर डावीकडे जाते. 'सेसमी स्ट्रीट' या मुलांच्या अमेरिकन मालिकेतला आठ फुटी पक्षी बिग बर्ड कॅरल स्पिनी आतून खेळवत. एक हात डोक्यावर चोचीत, छातीला बांधलेला छोटा टीव्ही, आणि हे चार दशकांहून जास्त काळ! 'द मपेट शो'मधल्या स्वीडिश शेफ या आचारी बाहुलीची गंमत तर दोघांची होती: डोकं आणि आवाज हेन्सनचा, उघडे हात फ्रँक ऑझचे. हातांनी अचानक काही केलं की आवाजाला ते सांभाळून घ्यावं लागे. माझ्या मते अभिनय म्हणून ही शैली जास्त खोल आहे.

पोटापाण्याचं गणित मात्र उलटं. 'द मपेट शो'चे 1976 ते 1981 या काळात 120 भाग झाले. त्यामागे लेखक, बाहुल्यांची कार्यशाळा, उंचावर बांधलेले सेट असा मोठा फौजफाटा होता. आपल्याकडे 2006 मध्ये 'सेसमी स्ट्रीट'चं भारतीय रूप 'गली गली सिम सिम' आलं, पण अशी कामं मोजकीच. मालिका संपली की काम संपलं. शब्दभ्रमकार बाहुला पेटीत घालून गॅदरिंगला, कंपनीच्या कार्यक्रमाला, जाहिरातीला एकटा जाऊ शकतो.

आवाज आपलाच राहील असं धरून चालू नका. 'झपाटलेला'तला (1993) तात्या विंचू पाध्यांचा, पण आवाज दिलीप प्रभावळकरांचा. ब्रिटनच्या 'स्पिटिंग इमेज' या बाहुल्यांच्या उपहासात्मक मालिकेतही नकलाकार वेगळे आणि बाहुल्या हलवणारे वेगळे.

पात्राच्या मालकीकडे तर बारकाईने बघा. अर्धवटराव य. के. पाध्यांकडून मुलाकडे आला, घरातच राहिला. हेन्सनने आईच्या जुन्या कोटातून शिवलेला कर्मिट हा बेडूक 2004 पासून डिस्नेचा आहे. 1990 मध्ये हेन्सन गेल्यावर तो स्टीव्ह व्हिटमायरच्या आणि 2017 पासून मॅट व्होगेलच्या हातात आहे. करारात पात्र कुणाचं हे सही करण्याआधी विचारा.

मराठीत काम करायचं असेल तर सुरुवात शब्दभ्रमाने करा, असं मी ठामपणे सांगेन. पण मॉनिटरचा सराव सोडू नका. फोनचा मागचा कॅमेरा टीव्हीला जोडा, कारण सेल्फी कॅमेरा चित्र उलटवतो आणि चुकीची सवय लागते. हातात साधा मोजा घाला, आणि आधी फक्त नजर साधा: बाहुली थेट समोरच्याच्या डोळ्यांत बघतेय असं वाटेपर्यंत संवादाला हात लावू नका.